जत्रा संपल्यावर कॅमेरा कुठे जातो?

पौष पौर्णिमा जवळ आली की मुरबाड तालुक्यातील म्हसा गावाकडे कॅमेऱ्यांची तोंडे वळतात. म्हसोबाची, म्हणजेच खांबलिंगेश्वराची ही यात्रा ठाणे जिल्ह्यातील सर्वात नावाजलेल्या यात्रांपैकी एक. गुरांचा बाजार, घोंगड्यांची दुकाने, तमाशाच्या कनाती, आकाशपाळणे आणि पाठीत गळ टोचून नवस फेडणारे भाविक. वर्तमानपत्रांचे छायाचित्रकार येतात, वाहिन्यांचे प्रतिनिधी येतात, हल्ली तर मोबाईल उंच धरलेली शेकडो पोरे येतात. सगळ्यांना हवे असते ते एकच. शिंगे रंगवलेला बैल, पाठीत रुतलेला गळ आणि माणसांचा लोंढा. जत्रा मोडते आणि कॅमेरेही निघून जातात. उरलेल्या अकरा महिन्यांत म्हसा आणि आसपासच्या वाड्या-पाडे कसे जगतात, याचे कुणाला काही पडलेले नसते.

आम्ही आज हा विषय घेण्याचे कारण वेगळे आहे. मुरबाड-शहापूरच नव्हे, साऱ्या महाराष्ट्रात आपल्या वस्त्यांमधली मुले-मुली आज फिल्म करू पाहत आहेत. हातात मोबाईल आहे, डोक्यात ‘फँड्री’ आहे, मनात चीड आहे. पण पहिल्यांदा कॅमेरा सुरू करायची वेळ येते तेव्हा हीच मुले नेमकी जत्रेकडे धावतात. स्वतःचे घर, स्वतःची गल्ली, स्वतःची आई त्यांना चित्रपटाचा विषय वाटत नाही. ‘आमच्याकडे दाखवण्यासारखे आहे तरी काय?’ असा त्यांचा प्रश्न असतो. हा प्रश्न त्यांचा नाही. शंभर वर्षांहून अधिक काळ पडद्याने त्यांच्या मनावर बिंबवलेला तो न्यूनगंड आहे.

जरा इतिहास पाहू. १८९५ साली फ्रान्समधील लुमिएर बंधूंनी जी पहिली चित्रफीत लोकांना दाखवली, तिच्यात कोण होते? राजा नव्हता, देव नव्हता. कारखान्यातून सुट्टी होऊन बाहेर पडणारे कामगार होते, बायका होत्या. म्हणजे चित्रपटाचा जन्मच मुळी कष्टकऱ्यांच्या रोजच्या जगण्यातून झाला. फक्त एक गोष्ट ध्यानात ठेवा. तो कारखाना लुमिएर बंधूंचाच होता. पडद्यावर कामगार होते, पण कॅमेरा मालकाच्या हाती होता. इथून पुढचा चित्रपटाचा सारा इतिहास या एका वाक्यात मावतो.

आपल्याकडेही आरंभ साध्या गोष्टींपासूनच झाला. लुमिएरांचे खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाले. त्यानंतर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती टिपली. ती फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली होती. दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढण्याआधी काय केले? कुंडीत वाटाण्याचे बी पेरले आणि त्याचे रोप होईपर्यंत रोज थोडे थोडे चित्रीकरण केले. महिनाभराची वाढ पडद्यावर काही क्षणांत दिसली, म्हणून भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला. कुस्ती आणि वाटाण्याचा वेल! आजच्या नवशिक्याने यातून धडा घ्यावा. फाळक्यांनी वाटाण्याच्या रोपाला जेवढा वेळ दिला, तेवढा वेळ आपल्यापैकी कितीजणांनी आपल्या आईच्या हातांना दिला आहे?

पण वाटाण्याच्या वेलीवरून कॅमेरा उठला तो थेट देवादिकांकडे गेला. पुराणे आली, चमत्कार आले, राजवाडे आले. ज्या नाशकात फाळक्यांच्या हिंदुस्थान फिल्म कंपनीने पौराणिक चित्रपट काढले, त्याच नाशकात २ मार्च १९३० रोजी बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. हजारो अस्पृश्य स्त्री-पुरुष रस्त्यावर उतरले. त्याच महिन्यात निघालेल्या दांडीयात्रेची हलती दृश्ये आजही देशाला दाखवली जातात. काळारामाच्या सत्याग्रहाची हलती दृश्ये मात्र आपल्या हाती नाहीत. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले गेले, त्या क्षणाचीही नाहीत. मंदिरातल्या रामाला पडद्यावर जागा होती. मंदिराबाहेर उभ्या असलेल्या माणसांना ती नव्हती. हा योगायोग म्हणायचा काय?

ही उणीव ज्यांना सर्वात आधी बोचली, त्यांत नामदेव व्हटकर यांचे नाव कृतज्ञतेने घेतले पाहिजे. ६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. पार्थिव मुंबईला आणले गेले आणि ७ डिसेंबरला दादरच्या समुद्रकिनारी अंत्यसंस्कार झाले. लाखोंचा जनसागर रस्त्यावर होता. लेखक आणि कलावंत व्हटकर यांनी ओळखले की, हा दिवस आपण टिपला नाही तर कुणी टिपणार नाही. त्यांनी पदरमोड करून त्या अंत्ययात्रेचे चित्रीकरण घडवून आणले. त्या काळी कच्ची फिल्म फुटाफुटाने मोजून वापरावी लागे आणि प्रत्येक फुटाला पैसे पडत. तरीही हे धाडस झाले. आज आपण डोळे भरून त्या दिवसाची दृश्ये पाहतो, त्यामागे एका माणसाची ही दूरदृष्टी आहे.

पण विचार करा. फिल्म महाग होती म्हणून अंत्ययात्रा टिपली गेली. त्या अंत्ययात्रेला गावोगावहून जी माणसे आली, ती कशी राहत होती, काय खात होती, परतल्यावर त्यांच्या घरात त्या रात्री चूल पेटली काय, हे टिपण्याइतकी फिल्म कुणाकडेच नव्हती. एक पिढी आपले रोजचे जगणे सोबत घेऊन निघून गेली. त्यांच्या पोटी जन्मलेल्यांनी आत्मकथने लिहिली म्हणून आपल्याला तो काळ कळला. दलित साहित्याने शब्दांत जे केले ते पडद्यावर करायला आपल्याला आणखी अर्धशतक लागले.

ते करून दाखवणाऱ्यांमध्ये नागराज मंजुळे यांचा पहिला प्रयत्न नवशिक्या मुलांनी नीट अभ्यासला पाहिजे. सोलापूर जिल्ह्याच्या करमाळा तालुक्यातील जेऊर हे त्यांचे गाव. वडार समाजात जन्म. अहमदनगरच्या, म्हणजे आताच्या अहिल्यानगरच्या, न्यू आर्ट्स महाविद्यालयात संज्ञापन शिकताना अभ्यासक्रमाचा भाग म्हणून त्यांनी ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला. चोर हा शिक्का जन्मतःच कपाळी मारलेल्या समाजातला एक पोरगा, आणि त्याला शाळेत जायचे आहे. एवढीच गोष्ट. १८७१ साली इंग्रजांनी गुन्हेगार जमाती कायदा केला, १९५२ साली तो रद्द झाला. पण कायदा गेला तरी शिक्का गेला नाही, हे त्या पंधरा मिनिटांनी सांगितले. या लघुपटाला पदार्पणातील दिग्दर्शनासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यातला मुलगा सूरज पवार हा काही सिनेमात काम करणारा बालकलाकार नव्हता. तो नंतर ‘फँड्री’त दिसला, ‘सैराट’मध्येही दिसला.

‘पिस्तुल्या’कडे काय नव्हते, याची यादी केली तर ती मोठी होईल. नामवंत नट नव्हते, परदेशी चित्रस्थळे नव्हती, गाणी नव्हती. मग काय होते? ज्याने हे जगणे आतून पाहिले आहे त्याची नजर होती. पुढे ‘फँड्री’त डुक्कर खांद्यावर घेऊन जाणारे कुटुंब शाळेच्या भिंतीवरून जाते आणि त्या भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई, गाडगेबाबा यांची चित्रे असतात. भाषण नाही, घोषणा नाही. नुसती भिंत दिसते आणि प्रेक्षकाच्या काळजात कळ उठते. शाळेची भिंत ही रोजचीच गोष्ट आहे. ती तशी पाहायला मात्र त्या भिंतीखालून गेलेलाच माणूस लागतो. आणि शेवटी जब्याने भिरकावलेला दगड येतो तो थेट आपल्यावर, कॅमेऱ्यावर. आजवर तमाशा पाहत उभ्या राहिलेल्या कॅमेऱ्याला मिळालेले ते उत्तर आहे.

दुसरे उदाहरण सोमनाथ वाघमारे यांचे. सांगली जिल्ह्यातून आलेल्या या तरुणाने भीमा कोरेगावच्या विजयस्तंभाला मानवंदना द्यायला येणाऱ्या जनतेवर माहितीपट केला. तो २०१७ साली पूर्ण झाला. त्यानंतर १ जानेवारी २०१८ रोजी तेथे हिंसाचार झाला आणि देशभरच्या कॅमेऱ्यांना भीमा कोरेगाव अचानक दिसू लागले. पण दंगलीच्या आधीची शांत, शिस्तबद्ध माणसे, लेकरांना खांद्यावर घेऊन येणारे बाप, पुस्तकांच्या दुकानांपुढची गर्दी ही कुणी टिपली होती? आपल्याच माणसाने टिपली होती. त्यांनीच पुढे ‘चैत्यभूमी’ हा माहितीपट केला. ६ डिसेंबरला दादरला येणाऱ्या जनसागरात काही माध्यमांना दरवर्षी कचरा आणि वाहतुकीची कोंडी दिसते. आपल्या माणसाच्या कॅमेऱ्याला तिथे पुस्तके विकत घेणारा शेतमजूर दिसतो. जागा तीच, दिवस तोच. फरक नजरेचा आहे.

तिसरे उदाहरण आनंद पटवर्धन यांचे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जणांचे प्राण गेले. ते दुःख असह्य होऊन शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. तेव्हा सुरू झालेले चित्रीकरण चौदा वर्षे चालले आणि २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. चौदा वर्षे! एका दिवसात चित्रफीत टाकून दुसऱ्या दिवशी किती जणांनी पाहिली हे मोजणाऱ्या पिढीने हा आकडा लिहून ठेवावा. वस्तीत पुन्हा पुन्हा गेल्याशिवाय वस्ती बोलत नाही.

आता पुन्हा म्हशाकडे वळू. समजा, इथल्या बौद्धवाड्यातली एखादी मुलगी उद्या मोबाईल घेऊन पहिली फिल्म करायला निघाली. तिने काय टिपावे? गळ टोचलेली पाठ हजारोंनी टिपली आहे. ती पाठ पौर्णिमेनंतर कामावर जाते काय, तिच्या मालकाने कोणत्या आजारासाठी, कोणत्या अडचणीसाठी नवस बोलला होता, सरकारी दवाखाना त्याच्या पाड्यापासून किती लांब आहे, हे कुणी टिपलेले नाही. अंधश्रद्धेवर टीका जरूर करावी, ती आपल्या चळवळीचे कर्तव्यच आहे. पण नवस बोलणाऱ्या गरिबाची खिल्ली उडवून अंधश्रद्धा जात नाही. त्याला नवसापर्यंत ढकलणारी परिस्थिती दाखवली तर प्रेक्षक विचार करू लागतो.

गुरांच्या बाजारात उपरण्याखाली बोटे दाबून भाव ठरवण्याची जुनी रीत आहे. ती छायाचित्रात मोठी गंमतीची दिसते. पण २०१५ साली महाराष्ट्रात बैलांच्या कत्तलीवर बंदी आली. त्यानंतर थकलेल्या बैलाचे शेतकऱ्याने काय केले, नवा बैल घ्यायला पैसे कुठून आणले, हा प्रश्न त्या उपरण्याखालच्या बोटांना विचारला पाहिजे. कनातीपुढे शिट्ट्या मारणारे सगळ्यांनी पाहिले. कनातीमागे पहाटे लेकराला पाजत बसलेली कलावंतीण कुणी पाहिली?

आणि जत्रेबाहेर तर किती विषय! शहापूर तालुक्यातल्या तानसा आणि भातसा धरणांचे पाणी मुंबईला जाते. मुंबईकराचा नळ सकाळी वाजतो आणि त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात बायका टँकरची वाट पाहत हंडे घेऊन रांगेत बसतात. एक हंडा घरापासून विहिरीपर्यंत आणि विहिरीपासून घरापर्यंत, न तोडता, न कापता, पूर्ण टिपा. त्या चालण्याला जेवढा वेळ लागतो तेवढाच वेळ फिल्म चालू द्या. प्रेक्षकाला कंटाळा आला तर येऊ द्या. ती बाई तो कंटाळा रोज डोक्यावर वाहते.

दिवाळीनंतर कातकरी कुटुंबे उचल घेऊन वीटभट्ट्यांवर जातात आणि पावसाळ्याच्या तोंडाला परततात. वेठबिगारी बंद करणारा कायदा १९७६ साली झाला. उचल फेडता फेडता माणसाची वर्षे कशी जातात, हे त्या कायद्याच्या पुस्तकात दिसत नाही. बंद झोपडीला लावलेले कुलूप दिसले, शाळेच्या हजेरीपटात नाव आहे पण बाकावर पोर नाही हे दिसले, तर आकडेवारीची गरज उरत नाही.

इथे आमच्या तरुणांना एक गोष्ट रोखठोक सांगितली पाहिजे. कातकरी वाडीवर कॅमेरा घेऊन जाताना आपणही बाहेरचेच असतो. इंग्रजांनी एकोणिसाव्या शतकात जातीजमातींची छायाचित्रे काढून ‘भारतातील लोक’ म्हणून जाडजूड ग्रंथ छापले. त्यात माणसे प्राणिसंग्रहालयात उभी केल्यासारखी उभी केली होती. तेच आपण मोबाईलने करणार असू तर आपल्यात आणि त्यांच्यात फरक काय? विचारून टिपा. नाव विचारा, परवानगी घ्या, झालेली फिल्म आधी त्यांना दाखवा. त्याहून उत्तम म्हणजे त्याच वाडीतल्या पोराच्या हातात मोबाईल द्या आणि तो काय टिपतो ते पाहा.

हीच गोष्ट घरातही लागू आहे. आपल्याकडे मोबाईल बहुधा भावाच्या हातात असतो आणि हंडा बहिणीच्या डोक्यावर. मग भाऊ बहिणीच्या हंड्यावर फिल्म करतो आणि टाळ्या घेतो. ही कसली समता? एक दिवस हंडा भावाने घ्यावा आणि कॅमेरा बहिणीला द्यावा. बाबासाहेब समाजाची प्रगती स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजत. चळवळीच्या कलेलाही तेच माप लावले पाहिजे.

आणखी एक इशारा. आपले रोजचे जगणे म्हणजे केवळ दुःख नव्हे. अन्याय दाखवायचाच, पण रडणारी म्हातारी आणि गळकी झोपडी यापलीकडे आपल्याला काहीच दिसत नसेल तर आपण प्रस्थापितांनी काढलेले आपलेच चित्र पुन्हा गिरवत आहोत. विहारात दिव्याखाली स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी पोरे, १४ एप्रिलसाठी घराला रंग देणारा बाप, हुंड्याविना बौद्ध पद्धतीने झालेले लग्न, नातवाला २२ प्रतिज्ञा पाठ करायला लावणारी आजी, लावणीच्या चिखलात एकमेकींची थट्टा करणाऱ्या बाया, हेही आपलेच जगणे आहे. माणसाची प्रतिष्ठा त्याच्या हसण्यातही असते. गरिबीचा बाजार मांडून पुरस्कार मिळत असतील, पण त्याने समाजाचा कणा ताठ होत नाही.

काहीजण म्हणतील, पोटाचे प्रश्न असताना फिल्मचे काय घेऊन बसलात? त्यांना आम्ही एक आठवण देतो. २०१४ साली खर्ड्यात नितीन आगे या शाळकरी मुलाची हत्या झाली. २०१७ साली साक्षीदार फितूर झाले आणि आरोपी निर्दोष सुटले. गावात जे सर्वांना ठाऊक असते ते न्यायालयात कुणालाच ठाऊक नसते. अॅट्रॉसिटी कायद्यात २०१५ साली दुरुस्ती झाली. तिच्या कलम १५-अ मध्ये अशा गुन्ह्यांच्या कार्यवाहीचे चित्रीकरण करण्याची तरतूद आली, ती उगाच नव्हे. कोणत्या विहिरीवर कोण पाणी भरते, स्मशानाची वाट कुणाला मोकळी आहे आणि कुणाला अडवली जाते, हे आज साधेपणाने टिपून तारीख घालून ठेवले तर उद्या ती साक्ष होते. मात्र जबाबदारीही तेवढीच. लैंगिक अत्याचार झालेल्या स्त्रीची ओळख उघड करणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ नुसार गुन्हा आहे. संतापाच्या भरात चित्रफीत पुढे ढकलणाऱ्यांनी हे विसरू नये.

शिकण्यासाठी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये जावे लागते असे नाही. जाता आले तर उत्तमच, आपल्या मुलांनी तिथल्या जागा मिळवल्याच पाहिजेत. पण पहिले धडे घरी गिरवता येतात. मोबाईल भिंतीला टेकवा, हात हलू देऊ नका. एक चित्र किमान मिनिटभर धरा. वाऱ्याचा आवाज माणसाचा आवाज गिळतो, म्हणून जवळ जा. मागून संगीत चिकटवण्याआधी भाकरी थापण्याचा आवाज ऐका. आईला ‘असे कर, तसे कर’ सांगू नका. दोन तास तिच्याजवळ बसा, ती कॅमेरा विसरेल तेव्हा खरी फिल्म सुरू होईल.

आणि जे टिपाल ते जपा. या देशातले बहुतेक मूकपट नष्ट झाले. खुद्द फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ही आज पूर्ण उपलब्ध नाही. ज्यांच्याकडे कंपन्या आणि स्टुडिओ होते त्यांची ही गत, तर आपल्या मोबाईलमधल्या चित्रफितींचे काय होईल? मोबाईल फुटला की वस्तीचा इतिहास फुटला. प्रत्येक विहारात पुस्तकांच्या कपाटाशेजारी एक हार्ड डिस्क असावी. तिच्यात गावाचे नाव, तारीख आणि माणसांची नावे लिहून चित्रफिती ठेवाव्यात. महिन्यातून एका रविवारी वंदनेनंतर पांढरी चादर लावून त्या वस्तीला दाखवाव्यात. आपली फिल्म आधी आपल्या माणसांनी पाहावी, तिच्यातल्या चुका त्यांनी काढाव्यात, मग ती मुंबईला जावो की परदेशी महोत्सवात.

३१ जानेवारी १९२० रोजी बाबासाहेबांनी ‘मूकनायक’ सुरू केला. इतरांची वर्तमानपत्रे निघत असताना स्वतःचे पत्र कशासाठी, याचे उत्तर त्यांनी पहिल्याच अंकात दिले होते. इतरांची पत्रे आपापल्या जातीचे हित पाहतात, तिथे बहिष्कृतांच्या प्रश्नांना जागा मिळत नाही, म्हणून स्वतःचे पत्र हवे. तेव्हा छापखाना मिळवणे, कागद घेणे, टपाल खर्च भागवणे यातच जीव मेटाकुटीला येई. आज त्याहून प्रभावी साधन आपल्या पोरांच्या खिशात आहे आणि त्यावर ती तासन्‌तास दुसऱ्यांची चित्रे पाहण्यात दंग आहेत. मुक्यांना वाचा देण्याचे काम शंभर वर्षांपूर्वी सुरू झाले. न दिसणाऱ्यांना दिसते करण्याचे काम आता आपल्या मुलामुलींचे आहे. त्यांनी ते आपल्याच अंगणातून, आजच सुरू करावे.